नारळ, कात्री आणि एटनाचा उतार

आगीच्या डोंगराला भेटायला निघताना पिशवीत नारळ, खण आणि ओटीचे तांदूळ घेणारी दुसरी कोणी बाई या भूतलावर असेल, तर मला तिला एकदा गाठायचं आहे. दोघी मिळून हसू. कारण मी एकटीच हसले तर नाती म्हणतात, "आजी, आता तू स्वतःलाच हसायला लागलीस."

हसू नको तर काय करू? ती पन्नाशीतली बाई, म्हणजे तेव्हाची मी, होतीच तशी. पिंपरी पेंढारच्या पलीकडे फार तर पुणं पाहिलेलं, पण सल्ला द्यायला जग कमी पडायचं. द्राक्षाच्या बागेत नवऱ्याच्या बरोबरीनं राबलेली, त्यामुळे वेलीतलं आपल्याला सगळं कळतं अशी पक्की खात्री. आणि लेकीतलंही सगळं कळतं, ही दुसरी खात्री. दोन्ही खात्र्या मी एकाच गावात, एकाच सकाळी गमावून आले. त्याचीच ही हकिकत.

आमची मनीषा दगडांच्या नादाला लागली त्याला कारण आमचीच कुकडी नदी. बोरीला नदीच्या काठात पांढऱ्या राखेचा एक थर दिसतो. कॉलेजात असताना सरांनी तिला तिथं नेलं आणि सांगितलं, ही राख समुद्रापलीकडच्या एका ज्वालामुखीची, हजारो वर्षांपूर्वी उडून इथं येऊन पडलेली. आम्ही त्या काठानं जन्मभर गेलो-आलो, आम्हाला ती राख कधी दिसली नाही. पोरीला दिसली, आणि ती त्या राखेच्या मागे मागे निघाली ती थेट इटलीत पोचली. सिसिली बेटावरच्या कतानिया शहरात एका वर्षासाठी म्हणून गेली. दोन हजार सालानंतरच्या त्या वर्षांत गावातल्या पोरी पुण्याला शिकायला जायच्या, हेच खूप होतं.

वर्ष संपत आलं तसं तिकडच्या लोकांनी तिला विचारलं, आणखी तीन वर्षं राहून डोंगराचा अभ्यास पुरा करतेस का? उत्तर महिनाअखेर द्यायचं होतं. आणि इकडे आळेफाट्याचं स्थळ आलेलं. मुलगा पुण्यात नोकरीला, गावी बागायत. त्यांना उन्हाळ्यातच सुपारी फोडायची होती. त्यात टीव्हीवर तिथला ज्वालामुखी, एटना, धुरळा उडवताना दाखवला. आमचे मालक ताटावरून उठले.

"लई झाली आग न् राख. तू जा आणि पोरीला घिऊनच ये."

"आणते की," मी म्हणाले. जणू शेजारच्या वाडीवरून करडू आणायचं होतं.

कतानिया

विमानातून आल्प्स दिसला. शेजारची गोरी बाई खिडकीला नाक लावून बसली होती. मी वाकून पाहिलं, तर डोंगरांवर डोंगर, आणि सगळ्यांवर दूध उतू गेलेलं. कळसूबाईला जन्मभर मोठी म्हटलं होतं, तिची मनातल्या मनात माफी मागितली.

कतानियात उतरले आणि मला परक्या गावी आल्यासारखंच वाटेना. रस्ते काळ्या दगडाचे, घरं काळ्या दगडाची, देवळंही तशीच. मोठ्या चौकात तर काळ्या दगडाचा हत्ती उभा! मी त्याच्या चौथऱ्याला हात लावून नमस्कार केला. दोन पोलीस बघत राहिले.

"आई, तो देव नाहीये," मनीषा कुजबुजली.

"नसंना का. दगड आपल्या लेण्याद्रीचा हाय."

ती थबकली. मग हसून म्हणाली, "दगड खरंच एका जातीचा आहे. दोन्ही लाव्हाचेच. हा परवाचा, आपला साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा."

आपल्या लेण्या, आपले कडे, माझ्या माहेरच्या आण्याचं पठार, विहीर खणताना ज्याच्यावर पहारी मोडायच्या तो खडक, हे सगळं कधीतरी खीर उकळावी तसं उकळत होतं, हे मला पन्नासाव्या वर्षी एका हत्तीच्या पायाशी कळलं.

मनीषा शहरात राहत नव्हती. वर डोंगराच्या उतारावर एका गावात नुन्त्सिया नावाच्या म्हाताऱ्या विधवेच्या घरी तिची खोली होती. नुन्त्सिया माझ्याहून वयानं मोठी, उंचीनं लहान, आणि बोलताना हात असे फिरवायची की मी सुरुवातीला दोन पावलं मागंच उभी राहायचे. तिला मराठी येत नव्हतं, मला तिची भाषा येत नव्हती. त्यामुळे आमचं पहिल्या दिवसापासून जमलं. तिनं तळलेल्या वांग्याचा पास्ता वाढला, वर किसलेलं खारट चीज. मी एक घास खाल्ला आणि पिशवीतून लसणाची चटणी काढली. तिनं ती चाखली, डोळे पुसले, आणि पुन्हा हात पुढे केला.

तिच्या कुंपणाला फड्या निवडुंग. आपल्याकडे बांधावर असतो तोच. आपण त्याच्या नादी लागत नाही, ती त्याच्या फळांचा मुरंबा करून बरणीत भरून ठेवते. आणि त्याला म्हणतात काय, तर हिंदुस्थानचं अंजीर!

"आमच्याकडून आणलं व्हय?" मी ऐटीत विचारलं.

"नाही आई," मनीषा म्हणाली. "आपल्याकडचं नाही आणि यांच्याकडचंही नाही. अमेरिकेतून आलंय."

म्हणजे मुळात पाहुणं, आणि आता दोन्हीकडे घरचं. तेव्हा मी एवढा विचार केला नाही. तेव्हा मी मुरंब्यात साखर कमी आहे, एवढंच म्हणाले.

पिठातला नकाशा

दुसऱ्या दिवशी पोळ्या करायला पीठ घेतलं, तर मनीषानं ते ओट्यावर पसरलं आणि बोटानं देश काढला. गुडघ्यापर्यंतच्या बुटासारखा लांबोळका.

"हा वर आडवा आल्प्स. उत्तरेचं थंड वारं अडवतो. इथून खाली शेवटपर्यंत अपेनाइन, देशाचा पाठीचा कणा. नेपल्सपाशी हा वेसुवियस. हा समुद्रातला स्ट्रोंबोली, थोड्या थोड्या वेळानं ठिणग्या उडवत राहतो, रात्री जहाजांना लांबून दिसतो. आणि आपण इथं, एटनावर. कळसूबाईच्या दुप्पट उंच."

"पण हे सगळं इथंच का पेटलंय?"

तिनं तळहातानं खालून पीठ ढकललं. पिठाला सुरकुत्या पडल्या. "ही आफ्रिका. कोट्यवधी वर्षं खालून रेटतेय, एकेक बोट पुढं सरकतेय. त्या रेट्यानं डोंगर उठले, आणि जमीन जिथं फाटली तिथून आग वर आली."

"म्हणजे बांध कोरतीय म्हण की!"

मनीषा एवढी हसली की नुन्त्सिया धावत आली. तिला सगळं समजावून सांगितलं, तशी तीही ओट्यावर हात आपटून हसली आणि शेजारच्या घराकडे बोट दाखवून काहीतरी बोलली. भाषांतराची गरज नव्हती. बांध कोरणारा शेजारी तिलाही होता.

आपला सह्याद्री मात्र असा शंकूसारखा उठला नाही, असं मनीषा म्हणाली. जमिनीला भेगा पडल्या, त्यांतून लाव्हाचा रस वाहिला, थिजला, पुन्हा वाहिला. भाकरीवर भाकरी रचावी तसा. म्हणून नाणेघाटाच्या कड्यांना पायऱ्या पायऱ्या दिसतात. आणि डोंगर म्हणून आपण जे पाहतो ते त्या थप्पीतलं पावसानं झिजवून उरलेलं.

तिच्या तोंडावर पीठ लागलं होतं. लहानपणी मोदकाच्या उकडीत हात घालायची तेव्हा असाच चेहरा असायचा. हे मी पाहिलं, आणि तरी पोळी लाटता लाटता म्हणाले, "आळेफाट्याचा मुलगापण इंजिनिअर हाय बरं का."

पीठ तिनं एका झटक्यात गोळा केलं. देश संपला.

वर

डोंगरावर जायच्या दिवशी मी नऊवारी, त्यावर मनीषाचं जाड जाकीट आणि पायात तिचे बूट अशा थाटात निघाले. बसमधून वर जाताना आधी बागा, मग चेस्टनटची झाडी, मग झाडंही सरली आणि नुसती काळी खडी उरली. जणू कुणी डोंगराएवढी चूल विझवून निखारे पसरून ठेवलेत. वर शिखराला बर्फ, आणि बर्फातून धूर. डोक्यावर थंड, पोटात पेटलेलं. आमचे मालक रागावतात तेव्हा असेच दिसतात.

गावातले लोक या डोंगराला नावानं हाक मारत नाहीत. नुसतं 'ती' म्हणतात. डोंगर नव्हे, ती. आज तिचं डोकं दुखतंय, काल ती नीट झोपली नाही. हे ऐकलं तेव्हा माझं पक्कंच झालं. बाई आहे, जागृत आहे, म्हणजे ओटी भरायलाच हवी.

निजलेल्या जुन्या विवरांपर्यंत माणसांना जाता येतं. त्यातल्या एकाच्या काठावर मी बसले, खण पसरला, त्यावर तांदूळ ठेवले आणि मधोमध नारळ. हळद-कुंकवाची डबी उघडतेय तोवर वाऱ्यानं खण उचलला. नारळ त्या खडीवरून घरंगळला, आधी हळूच, मग टणाटण उड्या मारत, आणि थेट विवराच्या तळाशी जाऊन थांबला. भोवतीच्या जर्मन पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या.

"पोचला, आई," मनीषा म्हणाली.

मी हात जोडले. काय मागितलं ते सांगते. "माझी पोरगी मला परत दे." एवढ्या मोठ्या डोंगराकडे एवढंसं मागणं, आणि तेही हसणाऱ्या, वाऱ्यात केस उडणाऱ्या, कधी नव्हे इतक्या खुशीत असलेल्या पोरीकडे पाठ करून.

कात्री

नुन्त्सियाची घरामागं छोटी द्राक्षबाग होती. आपल्यासारखा मांडव नाही. कमरेएवढी बुटकी झुडपं, प्रत्येकाला लाकडाचा एक टेकू, आणि भोवती काळ्या दगडांच्या रचलेल्या ताली. आपल्याकडे डिंभे धरणाच्या वर भाताच्या खाचरांना असतात तशाच. एप्रिल संपत आलेला, आणि वेलींवर वीत-वीत कोवळी फूट.

इथं न जाणणाऱ्यांसाठी सांगायला हवं. आमच्याकडे द्राक्षाची वर्षातून दोनदा छाटणी. माल निघाला की एप्रिलात खरड छाटणी, म्हणजे सगळ्या काड्या एकेक डोळा, म्हणजे अंकुर, तेवढा राखून कापायच्या आणि वेल बोडकी करायची. तिला नव्या काड्या येतात, आणि दसऱ्याच्या आसपास दुसऱ्या छाटणीनंतर घड धरतात. एप्रिलात न छाटलेली बाग म्हणजे आमच्या गावात घरात मयत झालंय, नाहीतर मालक परागंदा झालाय.

मला नुन्त्सियाची फार कणव आली. एकटी बाई, छाटायला माणूस मिळालं नसेल, तोंडानं मागायला संकोचत असेल. आपल्याकडे अशा वेळी कोणी विचारत बसत नाही. सावड करायची, आज मी तुझ्यात, उद्या तू माझ्यात. शिवाय आठ दिवस तिचं अन्न खाल्लं होतं.

रविवारी ती चर्चमध्ये गेली, मनीषा अंघोळीला. पडवीत कात्री टांगलेली होती. हातात घेतली आणि काय सांगू, इतके दिवस परदेशात अवघडलेले हात एकदम घरी आले. सपासप, सपासप. दोन ओळी पार बोडक्या केल्या. काय सुरेख छाटणी! मागं सरकून बघितलं आणि स्वतःवरच खूश झाले.

तेवढ्यात नुन्त्सिया आली.

ती ओरडली नाही. तिनं डोक्यावरचा रुमाल काढला आणि मेरीमातेला हाका मारत, नुसती मादोन्ना, मादोन्ना म्हणत कापलेल्या फुटी उचलू लागली. एकेका फुटीत मोहरीएवढ्या कळ्यांचे घोस होते. तेव्हा मला ते दिसले. त्यांच्याकडे छाटणी एकदाच, थंडीत, वेल निजलेली असताना. वसंतात जे फुटतं तेच फळ. मी तिच्या दोन ओळींचं सालभराचं पीक खरडून काढलं होतं.

मनीषा ओल्या केसांनी धावत आली. तिनं ओळी बघितल्या, माझ्या हातातली कात्री बघितली.

"आई! कुणी सांगितलं होतं तुला?"

"अगं, एप्रिल…"

"तुझा एप्रिल! आपल्या भिंतीवरचं कालनिर्णय घेऊन तू जगभर छाटत फिरणार का?" तिचा आवाज चिरकला. "मला काय म्हायती न्हाई व्हय, तुला आप्पांनी कशाला धाडलंय ते? वीतभर फुटलेय मी इथं. बघवंना ना तुमाला?"

इतके दिवस शुद्ध बोलणारी पोरगी रागात गावाकडची झाली.   

नुन्त्सियानं माझ्या हातातून कात्री घेतली, मला दंडाला धरून स्वयंपाकघरात नेलं आणि खुर्चीत बसवलं. समोर पाव ठेवला, वाइनचा पेला ठेवला. मग बोलायला लागली. मनीषा नाक ओढत ओढत सांगत गेली.

नुन्त्सिया लहान असताना डोंगरातून रस वाहत त्यांच्या बागेवर आला. रस हळू येतो, माणसाच्या चालीपेक्षाही हळू, त्यामुळे रडायला भरपूर वेळ मिळतो. बाग गेली. घर जाणार हे कळलं तेव्हा तिच्या आईनं घर झाडलं, फरशी पुसली, मेजावर स्वच्छ कापड अंथरलं, पाव आणि वाइन मांडली आणि दार उघडं ठेवून पोरांना घेऊन निघाली.

"का?" मी विचारलं.

"लांबून चालत आलीय, ती दमली असेल, भुकेली असेल, म्हणून," मनीषानं सांगितलं.

 ओटीच की ही.

"मग घर वाचलं?"

"नाही. गेलं." नुन्त्सियानं खांदे उडवले. त्या थिजलेल्या काळ्या दगडावर पुढे पिवळ्या फुलांची झुडपं आली, त्यांच्या मुळांनी दगड फोडला, माती झाली. तिच्या भावानं तिथं पुन्हा वेल लावली. मग ती माझ्याकडे बघून काहीतरी म्हणाली, आणि रडणारी मनीषा फस्सकन हसली.

"काय म्हणाली?"

"म्हणाली, डोंगरातल्या तिनं अख्खी बाग नेली तरी आम्ही तिला जेवू घातलं. हिनं तर दोनच ओळी नेल्या. जेव म्हणावं."

मी जेवले. 

संध्याकाळी मनीषाबरोबर जुन्या रसाच्या वाटेवर फिरायला गेले. ती पिवळी झुडपं नुकती फुलू लागली होती, निव्वळ दगडातून. ती दोन पावलं पुढे, मी मागे. 

"मने," मी म्हणाले, "त्यांना हो म्हणून सांग."

ती वळली. "आणि आप्पा?"

"त्यांना मी बघते. बिनविचारता छाटणी फक्त मीच करती असं वाटलं का तुला? शिकवणारे तुझे आप्पाच हायेत."

आळेफाटा

मालक जीप घेऊन आले होते. मी एसटीतून उतरले तरी ते माझ्या मागेच बघत राहिले.

"पोरगी कुठंय?"

"तिकडंच. तीन वर्षं ऱ्हाणार हाय. मीच हो म्हटलं."

 त्यांनी जीपचा गिअर असा ओढला की दांडा हातात येतो की काय. घरी पोचलो तरी तोंड बंद. आळेफाट्याच्या पाहुण्यांना काय सांगायचं, हे विचारायलासुद्धा ते बोलले नाहीत. तेव्हा मी, दुसरा काही इलाज नाही म्हणून, सुपारी कातरता कातरता त्या दोन ओळींची गोष्ट सांगितली.

ते ताडकन उठले.

"एप्रिलात? फुटीवर? थंड मुलखात?"

"व्हय."

"अगं, येडी का खुळी तू? त्या बाईची वेल गेली की!" आणि लेक न आल्याचं दुःख करणारा हा माणूस धावत फोनकडे गेला. परदेशात फोन लावायचं म्हटलं की ते माझ्या हातात द्यायचे. त्या दिवशी स्वतः लावला.

"मने? मी बोलतोय. ते राहू दे, मागनं बोलू. त्या दोन ओळी फुटल्या का? … किती डोळे सुटलेत? … ऐक, एका खुंटीवर दोनच फुटी ठिवायच्या, बाकी नखानं खुडायच्या. पाणी किती देती ती बाई? … देत न्हाई? मग वेल जगती कशावर?"

पलीकडून मनीषा सांगत होती, राखेवर. राख पाणी धरून ठेवते, उन्हाळाभर थोडं थोडं मुळाला देते. मालक ऐकत राहिले. मग खाटेवर बसले. मग म्हणाले, "राख धरती व्हय पाणी? कशी काय? नीट सांग."

आणि ती सांगत बसली. बापानं तिला तिच्या अभ्यासाबद्दल विचारलेला तो पहिला प्रश्न होता.

पुढे दर रविवारी फोन. मनीषा बागेत जाऊन फुटी बघायची, मालक इकडून सांगायचे, नुन्त्सिया हातवारे करत ते करायची. मधेच राख, मधेच डोंगर, मधेच धुराचा रंग आज कसा आहे. आळेफाट्याच्या स्थळाचं पुढे दुसरीकडे जमलं, हे मालकांना मीच सांगितलं. "बरं झालं," म्हणाले, आणि विचारलं, "आज रविवारच ना?"

आमच्याकडे दसऱ्याच्या छाटणीचे दिवस आले तेव्हा तिकडे तोडणी झाली. त्या दोन ओळींना उशिरा, बोटावर मोजण्याइतके, लहान लहान घड लागले होते.

"गोडी कशी हाय?" मालकांनी विचारलं.

"ते फोनवर कसं सांगू, आप्पा?" मनीषा म्हणाली. "पुढच्या वेळी येऊन बघा."

 पासपोर्टला फोटो कुठं काढतात, हे त्यांनी त्याच आठवड्यात विचारलं. पुढल्या वर्षी बॅग भरताना, जन्मात साधा खिळाही न विसरणारा हा माणूस माझ्यापाशी येऊन हळूच म्हणाला, "नारळ घेतलास का गं? मागचा तर तू पाडलास."

घेतला होता. खण घेतला, तांदूळ घेतले. आपली छाटणीची कात्री मात्र त्यांनी स्वतःच्या हातांनी कपाटाच्या माथ्यावर ठेवली, आणि निघेपर्यंत मला तिकडे फिरकू दिलं नाही.